अनोळखी इंग्रजी शब्दाचा उच्चार आणि अर्थ कसा शोधावा: गोव्यातील नवशिक्यांसाठी मार्गदर्शन

लिहिलेली अक्षरे आणि बोललेला शब्द यांची गाठ नेहमीच पडते असे नाही, ही गोष्ट गोव्यातील वाचकाला वेगळी शिकवावी लागत नाही. पेडण्याच्या वाटेवरील फलकावर पी-ई-आर-एन-ई-एम अशी इंग्रजी अक्षरे असतात, साखळीचे नाव एस-ए-एन-क्यू-यू-ई-एल-आय-एम असे लिहिले जाते आणि केप्याच्या नावाची सुरुवात क्यू-यू-ई या अक्षरांनी होते. बाहेरून आलेला पाहुणा 'क्वेपेम' म्हणाला की तो नवखा असल्याचे आपल्याला लगेच कळते. ही अक्षरयोजना चुकीची नाही. ती पोर्तुगीज लिपिकांनी आपल्या भाषेच्या सवयीने केलेली आहे. त्या भाषेत ई आणि आय या स्वरांपूर्वी 'क' लिहिण्यासाठी क्यू-यू वापरतात, आणि शब्दाच्या शेवटी येणारा एम हे स्वर नाकात म्हणावा एवढेच सांगणारे चिन्ह असते. म्हणजे हे नाव कोणी लिहून ठेवले ते समजले की ते कसे वाचायचे तेही समजते.

दुर्मीळ इंग्रजी शब्दांनाही हाच न्याय लागू पडतो. इंग्रजीने ग्रीक, लॅटिन, फ्रेंच, इटालियन, पोर्तुगीज, अरबी आणि मलयाळम अशा अनेक भाषांतून शब्द घेतले आणि पुष्कळदा त्या त्या भाषेची अक्षरयोजना तशीच ठेवली. म्हणून अनोळखी शब्द समोर आल्यावर अक्षरे जोडून उच्चार करून पाहण्याआधी तो शब्द कोणत्या घराण्यातला आहे ते पाहावे, असा या लेखाचा आग्रह आहे. महाविद्यालयीन विद्यार्थी, वकिलांच्या कार्यालयात दस्तऐवज वाचणारे कारकून, जुन्या गोव्यात पर्यटकांना माहिती देणारे मार्गदर्शक आणि अनुवादाला नुकतीच सुरुवात करणारे लोक यांच्यासाठी पुढील पायऱ्या लिहिल्या आहेत.

पहिली पायरी: साधने जमवणे

एकाच कोशावर विसंबून हे काम होत नाही. उच्चार आणि सध्याचा अर्थ देणारा एक मध्यम आकाराचा कोश रोज हाताशी असावा, आणि शब्दाचा इतिहास सांगणारा मोठा कोश अडल्यावेळी पाहता यावा. दुसऱ्या प्रकारात ऑक्सफर्डच्या मोठ्या इंग्रजी कोशाला तोड नाही. त्याचा पहिला भाग १८८४ मध्ये निघाला, काम पुरे व्हायला १९२८ साल उजाडले आणि १९८९ ची दुसरी आवृत्ती २० खंडांची झाली. एखादा शब्द प्रथम कोणत्या साली कोणत्या वाक्यात आढळला, मध्ये त्याचा अर्थ कसा वळला आणि शेवटचा वापर केव्हाचा आहे, हे तो अवतरणांसह दाखवतो. असे मोठे कोश घरी ठेवणे शक्य नसल्यास पणजीत पाटो येथील कृष्णदास शामा गोवा राज्य मध्यवर्ती ग्रंथालयाच्या संदर्भ विभागात चौकशी करावी. या ग्रंथालयाची परंपरा १८३२ पासूनची आहे. इंटरनेटवरील कोशांत उच्चार ऐकण्याची सोय असते. तिचा उपयोग जरूर करावा, मात्र तो कसा करावा ते पुढे येईल.

कोशात उच्चार दाखवण्यासाठी ज्या खुणा असतात, त्यांना नवशिका उगाचच घाबरतो. १८८६ मध्ये पॅरिसमध्ये स्थापन झालेल्या ध्वनिशास्त्रज्ञांच्या संघटनेने ठरवलेल्या या खुणांपैकी आरंभी चारच ओळखता आल्या तरी काम भागते. उलट्या ई सारखी दिसणारी खूण म्हणजे आखूड, अस्पष्ट 'अ'. अक्षराच्या आधी वरच्या बाजूस असलेली बारीक उभी रेघ म्हणजे पुढच्या अक्षरावर आघात, म्हणजे जोर. स्वरानंतरचे दोन ठिपके म्हणजे स्वर दीर्घ. ग्रीक थीटासारखी खूण म्हणजे जिभेचे टोक दातांना लावून, हवा घासून काढलेला 'थ'. काही अमेरिकी कोश या खुणांऐवजी स्वतःची निराळी चिन्हे वापरतात. दोन पद्धतींची सरमिसळ करू नये, नाहीतर एकाच चिन्हाचे दोन अर्थ डोक्यात बसतात.

दुसरी पायरी: शब्द जिवंत आहे का ते पाहणे

ही पायरी बहुतेक जण गाळतात आणि पुढे फसतात. दुर्मीळ शब्दांच्या याद्या आकर्षक असतात, पण त्यांतील काही शब्द कोशाबाहेर कधी वावरलेलेच नसतात. हिवाळ्यातील उन्हाची ऊब या अर्थाचा 'अप्रिसिटी' हा शब्द हेन्री कॉकरमच्या १६२३ च्या कोशात आला. तो कानाला गोड आहे, परंतु इंग्रजी लेखकांनी तो जवळजवळ कधीच वापरला नाही. त्याहून विचित्र कथा 'डॉर्ड' या शब्दाची आहे. १९३४ च्या वेबस्टर कोशात त्याचा अर्थ 'घनता' असा छापला गेला. वास्तविक घनतेसाठी मोठा किंवा लहान डी हे अक्षर वापरतात, एवढे सांगणारी एक चिठ्ठी शब्दांच्या गठ्ठ्यात चुकून मिसळली होती आणि 'डी ऑर डी' हा मजकूर जोडून एक शब्द म्हणून वाचला गेला होता. १९३९ मध्ये एका संपादकाचे लक्ष या नोंदीकडे गेले, ते नोंदीत व्युत्पत्तीच दिलेली नव्हती म्हणून. ज्या शब्दाला आईबाप नाहीत त्याची चौकशी करावी, हा धडा कोशकारांइतकाच आपल्यालाही लागू आहे.

खोटे नसले तरी केवळ लांबीसाठी घडवलेले शब्दही पुष्कळ फिरत असतात. ज्वालामुखीच्या सूक्ष्म धुळीमुळे होणाऱ्या फुप्फुसाच्या रोगाचे म्हणून सांगितले जाणारे ४५ अक्षरांचे नाव १९३५ च्या सुमारास अमेरिकेतील कोडेप्रेमींनी घडवले. वैद्यकात प्रत्यक्ष वापरला जाणारा शब्द 'न्यूमोकोनिओसिस' हा आहे. खाणींच्या धुळीशी परिचय असलेल्या डिचोली किंवा सांग्याच्या वाचकाने तो शिकावा आणि ४५ अक्षरांचे ते प्रदर्शन खुशाल सोडून द्यावे.

शब्दाची अवस्था कोशातील चिन्हांवरून कळते. ऑक्सफर्डच्या मोठ्या कोशात शब्दाच्या डाव्या बाजूला कट्यारीचे चिन्ह असेल, तर तो शब्द किंवा तो अर्थ वापरातून गेलेला आहे. जुन्या आवृत्त्यांत दोन उभ्या रेषा असतील, तर शब्द इंग्रजीत अजून परका मानला गेला आहे. असा परका शब्द मूळ भाषेच्या उच्चाराच्या जवळ राहतो, म्हणून हे दुसरे चिन्ह उच्चारासाठीही महत्त्वाचे आहे.

तिसरी पायरी: घराणे ओळखणे

नोंदीच्या आरंभी किंवा शेवटी कंसात व्युत्पत्ती असते. ती प्रथम वाचावी. सी-एच या दोन अक्षरांचेच पाहा. शब्द जुन्या इंग्रजी वळणाचा असेल तर त्यांचा उच्चार 'च' होतो, ग्रीक असेल तर 'क' होतो, आणि फ्रेंचमधून अलीकडे आला असेल तर 'श' होतो. इटालियनमध्ये ई आणि आय यांच्यापूर्वी हीच अक्षरे 'क' ऐकवतात, म्हणून छायाप्रकाशाच्या चित्रणशैलीला 'किआरोस्कुरो' म्हणतात. कोरड्या मातीवर पहिला पाऊस पडल्यावर दरवळणाऱ्या वासाचे नाव पी-ई-टी-आर-आय-सी-एच-ओ-आर असे लिहितात. हा शब्द १९६४ मध्ये बेअर आणि थॉमस या ऑस्ट्रेलियातील दोन शास्त्रज्ञांनी घडवला; दगड या अर्थाचा ग्रीक शब्द आणि देवांच्या शिरांतून वाहणारा द्रव या अर्थाचा 'आयकॉर' हा ग्रीक शब्द त्यांनी एकत्र केला. घराणे ग्रीक असल्यामुळे उच्चार 'पेट्रिकॉर' असा होतो. 'पेट्रिचोर' हा नव्हे. मृगाच्या सरींची वाट पाहणाऱ्या आपल्याकडील वाचकांना हा शब्द सहज लक्षात राहील.

ग्रीक घराण्याच्या आणखी दोन खुणा ओळखण्यासारख्या आहेत. पहिली म्हणजे शेवटचा ई. इंग्रजीत शब्दाच्या शेवटी येणारा ई बहुधा मूक असतो, परंतु ग्रीकमधून आलेल्या अनेक शब्दांत तो 'ई' म्हणूनच उच्चारला जातो. ई-पी-आय-टी-ओ-एम-ई या शब्दाचा उच्चार 'इपिटमी' असा चार अक्षरांचा होतो, अतिशयोक्तीसाठी असलेला शब्द 'हायपर्बली' असा वाचतात, आणि भागावरून संपूर्ण वस्तू सुचवणाऱ्या अलंकाराचे नाव एस-वाय-एन-ई-सी-डी-ओ-सी-एच-ई असे लिहून 'सिनेक्डकी' असे म्हणतात. या शेवटच्या शब्दात सी-एच चा 'क' आणि अंत्य 'ई' या दोन्ही खुणा एकत्र सापडतात, म्हणून सरावासाठी तो उत्तम आहे.

दुसरी खूण म्हणजे आरंभीचे मूक अक्षर. ग्रीक जिभेला पी-टी, पी-एस, पी-एन, जी-एन, एम-एन ही जोडाक्षरे शब्दाच्या सुरुवातीस चालतात. इंग्रजी जिभेला चालत नाहीत, म्हणून पहिले अक्षर लिहिले जाते पण बोलले जात नाही. सूर्यघड्याळावरील सावली पाडणारी पट्टी 'नोमॉन' होते, तिच्या आरंभीचा जी कागदावरच राहतो. क्षयरोगाचे जुने नाव पी-एच-टी-एच-आय-एस-आय-एस असे भीतिदायक दिसते, पण त्याचा उच्चार 'थायसिस' एवढाच आहे. 'टायसिस' असाही चालतो. मात्र येथे सावध राहावे. 'टार्मिगन' या पक्ष्याच्या नावातही आरंभी पी लिहितात, परंतु हे नाव स्कॉटलंडच्या गेलिक भाषेतले आहे आणि तो पी ग्रीक समजुतीने नंतर घुसवलेला आहे. विद्वानांची हौसही अक्षरयोजनेत अशी शिरते.

पोर्तुगीज घराणे आपल्या ओळखीचे असल्याने तेथे आपल्याला थोडी सवलत मिळते. कॉयर, कोप्रा, मँगो आणि फणसासाठीचा जॅक हे शब्द मलबारच्या भाषांतून पोर्तुगीजांच्या तोंडी गेले आणि तेथून इंग्रजीत पोहोचले. कॅशू आणि आपला काजू यांचे मूळ ब्राझीलच्या तुपी भाषेत आहे. मॉन्सून आणि मोसम ही तर एकाच अरबी शब्दाची दोन वाटांनी आलेली रूपे आहेत. जुन्या औषधकोशांत 'गोवा पावडर' नावाचे त्वचारोगावरील चूर्ण आढळते. ते ब्राझीलमधील झाडापासून मिळत असे आणि गोव्यामार्गे बाजारात येत असल्यामुळे आपल्या भूमीचे नाव त्याला चिकटले. व्युत्पत्ती वाचताना नावावरून गाव ठरवण्याची घाई करू नये, हे या उदाहरणावरून कळते.

तारवटींचे शब्द

एका गटाला वरचे नियम लागू पडत नाहीत, म्हणून त्याचा वेगळा विचार करावा लागतो. पिढ्यान्‌पिढ्या जहाजांवर नोकरी करणाऱ्या तारवटींच्या घरी वाढलेल्यांनी हे शब्द ऐकलेले असतील, पण लिहिलेले पाहून ओळखलेले असतीलच असे नाही. डेकवरील खलाशांच्या मुकादमाला बी-ओ-ए-टी-एस-डब्ल्यू-ए-आय-एन असे लिहितात आणि 'बोसन' म्हणतात. होडीच्या काठाची वरची कड जी-यू-एन-डब्ल्यू-ए-एल-ई अशी लिहून 'गनल' अशी बोलतात. जहाजाच्या पुढच्या भागाला, जेथे पूर्वी खलाशांची निजण्याची जागा असे, 'फोकसल' म्हणतात. लिहिताना मात्र तेथे 'फोर' आणि 'कासल' असे दोन पूर्ण शब्द दिसतात. वादळात ओरडून हाका मारताना हे जोडशब्द जिभेवर झिजले आणि कागदावर अखंड राहिले. मुरगावसारख्या बंदरातील धक्क्याला क्यू-यू-ए-वाय असे लिहितात. त्याचा उच्चार 'की' असा आहे. पूर्वी तो इंग्रजीत उच्चाराप्रमाणेच लिहिला जात असे, पुढे फ्रेंच वळणाची अक्षरे त्याला चढवली गेली.

सैन्यातील 'कर्नल' हाही याच जातीचा. इटालियनमध्ये त्यात एल होता, फ्रेंचमधून इंग्रजीत आला तेव्हा आर होता. पुढे लिहिताना मूळचा एल परत आणला गेला आणि तोंडी आर टिकून राहिला. अशा शब्दांसाठी युक्ती नाही. ते ज्यांच्या व्यवसायात रोज बोलले जातात त्यांच्याकडून ऐकावेत आणि कोशातील खुणेशी ताडून पाहावेत.

चौथी पायरी: आघात ठरवणे

मराठी माणसाच्या इंग्रजी उच्चारात सर्वांत मोठी अडचण व्यंजनांची नसून आघाताची आहे. आपण प्रत्येक अक्षर जवळपास सारख्या वजनाने बोलतो. इंग्रजीत एका अक्षरावर जोर पडतो आणि बाकीच्या बहुतेक अक्षरांतील स्वर पुसट होऊन त्या उलट्या ई च्या खुणेकडे झुकतात. मराठी 'अ' हा त्या ध्वनीच्या बराच जवळचा आहे, फक्त तो अधिक आखूड करावा लागतो. म्हणून अनोळखी शब्दात आघात कोठे आहे ते आधी ठरवले की निम्मे स्वर आपोआप ठरतात.

काही प्रत्यय येथे मदत करतात. 'इक', 'इटी', 'लॉजी' आणि 'शन' हे प्रत्यय शेवटी असतील, तर आघात बहुधा त्यांच्या लगेच आधीच्या अक्षरावर पडतो. सूक्ष्म बुद्धीसाठीच्या 'पर्स्पिकॅसिटी' या शब्दात तो 'कॅ' वर आहे आणि एखाद्याला खिडकीतून बाहेर फेकण्याच्या क्रियेसाठी असलेल्या 'डीफेनेस्ट्रेशन' या शब्दात 'स्ट्रे' वर आहे. १६१८ मध्ये प्राग येथे घडलेल्या अशा प्रसंगामुळे हा शब्द इतिहासाच्या पुस्तकांत वारंवार भेटतो. 'इक' च्या नियमाला 'रेटरिक', 'हेरेटिक' आणि 'लूनॅटिक' असे अपवाद आहेत. तेथे जोर पहिल्या अक्षरावर असतो. पोटात होणाऱ्या गुरगुरीला वैद्यकीय इंग्रजीत 'बॉर्बरिग्मस' म्हणतात आणि त्यात जोर 'रिग्' वर पडतो. संधिप्रकाशात वावरणाऱ्या प्राण्यांसाठीचे 'क्रिपस्क्युलर' हे विशेषण दुसऱ्या अक्षरावर उचलले जाते.

इंटरनेटवरील ध्वनिमुद्रण येथे उपयोगी पडते. मात्र स्वतः अंदाज वहीत लिहिल्याशिवाय ते ऐकू नये, कारण ऐकून लगेच विसरलेला उच्चार आणि अंदाज चुकल्यावर दुरुस्त केलेला उच्चार यांत टिकतो तो दुसरा. व्हिडिओमध्ये कोणीही सांगितलेला उच्चार प्रमाण मानू नये; कोशाचे नाव असलेलेच ध्वनिमुद्रण घ्यावे.

पाचवी पायरी: देवनागरीत नोंद करणे

देवनागरी हे उच्चारलेखनासाठी चांगले साधन आहे, पण तिच्यात काही ध्वनी मावत नाहीत. डब्ल्यू साठी 'व' आणि व्ही साठी 'व्ह' हा मराठीतील संकेत पाळावा आणि वाचताना तो खरोखर पाळावा. डब्ल्यू म्हणताना ओठ गोल होतात, व्ही म्हणताना वरचे दात खालच्या ओठाला लागतात. एफ साठी लिहिलेला 'फ' हाही दात-ओठांचा असतो. झेड साठी 'झ' लिहावा, परंतु 'झगा' या शब्दातला 'झ' मनात धरावा. 'झेंडा' या शब्दातला नव्हे. 'मेझर' या शब्दातील मधला ध्वनी मराठीत नाही, त्यासाठी 'झ्य' लिहून पुढे फुली मारली तरी पुरे. आघाताच्या अक्षराखाली रेघ ओढावी. एवढे संकेत वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवले म्हणजे वर्षभरानंतरही वही वाचता येते.

सहावी पायरी: अर्थ मराठीत लिहिणे

कोशातील इंग्रजी व्याख्या उतरवून काढण्याने अर्थ कळतो असे नाही. शब्द कोणत्या क्षेत्रातला आहे, तो कशाचा प्रकार आहे आणि जवळच्या शब्दांपासून कोठे वेगळा होतो, या तीन गोष्टी एका मराठी वाक्यात सांगता आल्या की अर्थ हाती आला असे समजावे. गोव्यात याची परीक्षा घेण्यासाठी वारसाहक्काच्या दस्तऐवजांइतकी चांगली जागा नाही, कारण १८६७ च्या पोर्तुगीज दिवाणी संहितेच्या वारशामुळे इतरत्र केवळ परीक्षेपुरते उरलेले काही इंग्रजी शब्द येथे अजून रोजच्या कामात आहेत.

यू-एस-यू-एफ-आर-यू-सी-टी हा त्यांपैकी एक. त्याचा उच्चार 'यूझ्युफ्रक्ट' असा असून जोर पहिल्या अक्षरावर आहे. 'वापराचा हक्क' एवढेच लिहिले तर ही व्याख्या भाडेकरूलाही लागू पडेल. नेमकी नोंद अशी करावी: दुसऱ्याच्या मालकीची मालमत्ता, तिच्या मूळ स्वरूपाला धक्का न लावता, वापरण्याचा आणि तिचे उत्पन्न घेण्याचा कायद्याने मान्य केलेला हक्क. आईवडिलांनी घर आणि कुळागर मुलांच्या नावे करून दिले, परंतु हयातीपर्यंत राहण्याचा आणि नारळ-सुपारीचे उत्पन्न घेण्याचा हक्क स्वतःकडे ठेवला, तर त्यांच्याकडे राहिलेला तो हक्क म्हणजे यूझ्युफ्रक्ट. मालकी मुलांची झाली, फळे आईवडिलांची राहिली. लॅटिनमधील वापर आणि फळ या अर्थाच्या दोन शब्दांपासूनच हा शब्द झाला आहे, म्हणजे येथे व्युत्पत्ती अर्थाचेही काम करते.

'मॉइअटी' हा शब्द एम-ओ-आय-ई-टी-वाय असा लिहितात आणि त्यात 'मॉइ-अ-टी' अशी तीन अक्षरे ऐकू आली पाहिजेत. त्याचा मूळ अर्थ अर्धा भाग. गोव्यात सामाईक मालमत्तेच्या पद्धतीने विवाह झालेल्या जोडप्यात प्रत्येकाचा अर्धा हिस्सा असतो, आणि एकाच्या मृत्यूनंतर मागे राहिलेल्या जोडीदाराचा उल्लेख त्या अर्ध्या हिश्श्याचा धारक म्हणून होतो. तो अर्धा भाग त्याला वारसा म्हणून मिळालेला नसतो, तो आधीपासूनच त्याचा असतो; वारसांमध्ये वाटणी होते ती उरलेल्या अर्ध्याची. हा फरक व्याख्येत आला नाही, तर दस्तऐवज वाचणारा चुकीचा हिशेब करील. हाच शब्द मानववंशशास्त्रात जमातीच्या दोन शाखांपैकी एका शाखेसाठी आणि रसायनशास्त्रात रेणूच्या एका भागासाठी वापरतात, म्हणून नोंदीत क्षेत्राचे नाव लिहिणे अपरिहार्य आहे.

'एम्फिट्यूसिस' हा ग्रीक घराण्याचा शब्द असून त्यात जोर 'ट्यू' वर आहे. जमिनीचा मूळ मालक आणि ती कसणारा यांच्यात कायमस्वरूपी, वंशपरंपरेने चालणारा हक्क निर्माण होतो आणि कसणाऱ्याने मालकाला दरवर्षी ठरावीक रक्कम द्यायची असते, अशा व्यवस्थेचे हे नाव आहे. कोमुनिदादच्या जमिनींच्या संदर्भात 'आफोरामेंत' आणि 'फोर' हे शब्द ज्यांनी ऐकले आहेत, त्यांना ही कल्पना आधीच ठाऊक आहे. त्यांना फक्त इंग्रजी नाव शिकायचे आहे.

व्याख्या अपुरी राहिल्याने इतिहास कसा वाकडा दिसतो याचे उदाहरण 'ऑटो-द-फे' या पोर्तुगीजमधून आलेल्या शब्दात मिळते. पुष्कळ जण त्याचा अर्थ 'जिवंत जाळणे' असा लिहितात. मूळ अर्थ श्रद्धेची कृती असा असून, गोव्यात १५६० ते १८१२ या काळात, मध्ये काही वर्षांचा खंड वगळता, चाललेल्या इन्क्विझिशनसारख्या धर्मन्यायालयाकडून आरोपींच्या शिक्षा जाहीर करण्याचा जो सार्वजनिक समारंभ भरवला जात असे त्याला हे नाव होते. देहदंडाची अंमलबजावणी नंतर राजसत्तेच्या अधिकाऱ्यांकडून होई आणि समारंभात उभ्या केलेल्या सर्वांनाच ती शिक्षा होत नसे. शब्दाचा सैल अर्थही आता कोशांत नोंदलेला आहे, पण जुने कागद वाचताना आधीचा अर्थ धरावा. त्याचप्रमाणे सतराव्या शतकातील इंग्रजी मजकुरात 'फॅक्टरी' शब्द आला तर यंत्रे डोळ्यांपुढे आणू नयेत. तेथे व्यापारी प्रतिनिधींची वखार अभिप्रेत असते, जशी पोर्तुगीजांची फेइतोरिया होती.

चेहऱ्यावरून फसवणाऱ्या शब्दांची वेगळी यादी ठेवावी. 'नॉइसम' चा आवाजाशी संबंध नाही, त्याचा अर्थ किळसवाणा, विशेषतः दुर्गंधीयुक्त. 'मेरिट्रिशस' मध्ये गुणवत्ता दडलेली नाही. वरवर झगमगीत आणि आतून पोकळ असा त्याचा अर्थ आहे. 'एनर्व्हेट' म्हणजे बळ देणे नसून बळ हरण करणे. वाक्यावरून अंदाज बांधण्याची सवय चांगली असली तरी या तिघांच्या बाबतीत तो अंदाज नेमका उलटा ठरतो.

सातवी पायरी: तोंडी वापर

नोंद झालेला शब्द योग्य जागी मोठ्याने म्हणून पाहावा. जुन्या गोव्याच्या से कॅथेड्रलमध्ये वेदीमागील सोनेरी कोरीव पडद्याला इंग्रजीत आर-ई-आर-ई-डी-ओ-एस म्हणतात. पर्यटकांना माहिती देणाऱ्याने तो 'रिअरडॉस' असा, शेवटचा 'स' स्पष्ट ठेवून म्हणावा आणि लगेच त्याचा अर्थ सांगावा, कारण इंग्रजी मातृभाषा असलेल्या पाहुण्यालाही तो ठाऊक असेल याची खात्री नसते. दुर्मीळ शब्द वापरताना अर्थ सोबत देणे हा शिष्टाचार आहे. जेथे साधा शब्द तेच काम करतो, तेथे दुर्मीळ शब्द वापरू नये. 'सेस्क्विपिडेलिअन' हे लांबलचक शब्दांची हौस असलेल्यांना दिलेले विशेषण रोमन कवी होरेसच्या 'दीड फुटी शब्द' या टोमण्यातून आलेले आहे.

एकाच शब्दाचे दोन उच्चार कोशात दिले असतील तर पहिला घ्यावा, पण दुसरा ऐकल्यावर समोरच्याला दुरुस्त करू नये. काही वेळा दोन उच्चार म्हणजे दोन शब्द असतात: एस-एल-ओ-यू-जी-एच हा 'स्लाऊ' असा वाचला तर दलदल आणि 'स्लफ' असा वाचला तर सापाने कात टाकणे. काही वेळा फरक देशाचा असतो. ३० मे १९८७ रोजी घटकराज्य होईपर्यंत गोव्यात राज्यपालांच्या जागी जे पद होते, त्याच्या नावाचा पहिला शब्द ब्रिटनमध्ये 'लेफ्टनंट' आणि अमेरिकेत 'लूटेनंट' असा म्हणतात. आपल्या शाळांत ब्रिटिश अक्षरयोजना चालते, म्हणून उच्चारही ब्रिटिश धरणे सोयीचे आहे. वहीत मात्र अमेरिकी उच्चार कंसात लिहून ठेवावा आणि दोन्हींपुढे तो कोणत्या कोशातून, कोणत्या आवृत्तीतून घेतला तेही नोंदवावे.